ठेवलेली नावे : मराठी लेखनातील हबशी

एखाद्याचे नाव ठेवणे आणि एखाद्याला नावे ठेवणे या दोन भिन्न गोष्टी मराठीने एकाच क्रियापदावर भागविल्या आहेत. बारशाला किंवा बाप्तिस्म्याला आपण मुलाचे नाव ठेवतो. शेजाऱ्याला मात्र नावे ठेवतो. एकवचन आणि अनेकवचन, एवढाच काय तो फरक. भाषा असे उगाच करीत नाही. ज्याच्या हाती नाव देण्याचा अधिकार येतो, त्याच्याच हाती बहुधा दूषण देण्याचाही अधिकार येतो. आफ्रिकेतून गुलाम म्हणून दख्खनेत आणलेल्या माणसांविषयी मराठीत जे लिहिले गेले आहे ते वाचताना या क्रियापदाची आठवण मला वारंवार होते.

आधी त्यांची नावेच पाहू. अंबर, याकूत, जौहर, संदल, काफूर. अंबर म्हणजे देवमाशाच्या पोटातून निघणारे मौल्यवान सुगंधी द्रव्य. याकूत म्हणजे माणिक, जौहर म्हणजे रत्न, संदल म्हणजे चंदन, काफूर म्हणजे कापूर. ही नावे एका ओळीत लिहिली की ती माणसांची यादी वाटत नाही, एखाद्या अरबी व्यापाऱ्याच्या दुकानातील फळी वाटते. ऐकायला ती फार गोड आहेत, परंतु हा गोडवा मालाचा आहे. इतिहास ज्याला मलिक अंबर म्हणून ओळखतो, त्याचे आईवडिलांनी ठेवलेले नाव चापू असे होते. सुमारे 1548 साली इथिओपियात तो जन्मला, लहानपणीच विकला गेला, तांबड्या समुद्राच्या बंदरांतून बगदादपर्यंत हातोहात फिरला, आणि तेथील एका मालकाने त्याची हुशारी पाहून त्याचे नाव अंबर ठेवले. पुढे 1570 नंतरच्या सुमारास अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतले. हा चंगीझखानही मूळचा हबशी गुलामच. चापू हे नाव त्या प्रवासात कोठेतरी गळून पडले. मराठीत तर ते आलेच नाही.

समूहाला मराठीने दोन नावे दिली. ‘हबशी’ हे हबश, म्हणजे अॅबिसिनिया, या देशनामावरून आले. ‘शिद्दी’ हा शब्द अरबीतील ‘सय्यदी’, म्हणजे ‘माझे स्वामी’, या आदरार्थी संबोधनापासून आला असे सामान्यतः मानले जाते. एका नावात दूरचा देश, दुसऱ्यात मान. पण शब्दांचे मूळ आणि त्यांचा वापर यांचा संबंध फार काळ टिकत नाही. आज शाळेत शिकलेल्या मराठी माणसाला ‘शिद्दी’ म्हटल्यावर एक जलदुर्ग आणि एक शत्रू आठवतो. ‘हबशी’ म्हटल्यावर काय आठवते, हे सांगणे कठीण आहे. आमच्या भागात तर हा शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याच्या मनात बहुधा गावातली पाण्याची ‘हापशी’च उभी राहते. (मलिक अंबराच्या बाबतीत हा गोंधळ अगदीच अस्थानी म्हणता येणार नाही. त्याचे खरे स्मारक पाणीच आहे; त्याकडे पुढे येतोच.)

हा लेख मी हिंगोली जिल्ह्यातून लिहीत आहे. 1 मे 1999 रोजी परभणीतून वेगळा झालेला हा लहानसा जिल्हा. येथे इतिहासाची चर्चा निघाली की दोन निजामांची गल्लत हमखास होते. अहमदनगरची निजामशाही, जिचा वजीर मलिक अंबर होता, ती सतराव्या शतकातच संपली. हैदराबादचा निजाम, ज्याच्या राज्यात हिंगोली सप्टेंबर 1948 पर्यंत होती, तो वेगळ्या घराण्याचा. ही गल्लत किरकोळ नाही. ‘निजाम’ म्हटले की मराठवाड्यात रझाकारांची आठवण जागी होते, आणि त्या सावलीत अहमदनगरचा हबशी वजीरही झाकला जातो. मराठवाड्याचे मुख्य शहर ज्याने 1610 साली खडकी या नावाने वसविले, त्याच्याविषयी मराठवाड्यातच इतके थोडे ललित लिहिले जावे, याचे एक कारण मला या गल्लतीत दिसते. त्या शहराचे नावही पुढे बदलत गेले. अंबराचा मुलगा फतेहखान याने फतेहनगर केले, औरंगजेबाने औरंगाबाद केले, 2023 साली छत्रपती संभाजीनगर झाले. प्रत्येक नाव कोणाच्या तरी गौरवासाठी ठेवलेले आहे. वसविणाऱ्याचे नाव मात्र त्यांपैकी एकातही नाही. त्याने स्वतःही ते ठेवले नव्हते.

आता मराठी इतिहासलेखनाकडे वळू. तेथे मलिक अंबराची उपेक्षा झाली असे म्हणणे अन्यायाचे होईल. त्याची जमिनीची प्रतवारी, मक्तेदारांना दूर सारून रयतेशी थेट बांधलेला सारा, ‘मलिकंबरी धारा’ या नावाने मराठी मुलखात रूढ झालेली ती पद्धत, डोंगराळ मुलखात लहान तुकड्यांनी मोठ्या फौजेला जेरीस आणणारी त्याची युद्धरीती, 1624 ची भातवडीची लढाई, त्या लढाईत त्याच्या बाजूने लढलेले शहाजीराजे, हे सारे आपल्या इतिहासग्रंथांत येते आणि आदराने येते. परंतु हा आदर कोठे येतो ते पाहावे. तो पहिल्या प्रकरणात येतो, ‘पार्श्वभूमी’ किंवा ‘शिवपूर्वकाल’ अशा मथळ्याखाली. अंबराने गनिमी कावा केला, कारण पुढे तो शिवाजीमहाराजांना उपयोगी पडणार होता. त्याने धारा बसविला, कारण पुढे स्वराज्याची जमाबंदी व्हायची होती. ऐंशीच्या घरात पोचलेल्या एका माणसाचे सारे आयुष्य दुसऱ्या एका आयुष्याची पायरी म्हणून वाचले जाते. आणि त्याच्यासाठी एक विशेषण ठरून गेले आहे : कर्तबगार. ‘निजामशाहीचा कर्तबगार वजीर.’ ज्याच्याविषयी आणखी काही सांगण्याची आपली इच्छा नसते, त्याला आपण कर्तबगार म्हणतो. ज्याच्याविषयी सांगायचे असते त्याचा राग सांगतो, त्याची आई सांगतो, त्याचे जेवण सांगतो.

पुस्तकाची आणखी शंभर पाने उलटली की तेच लोक पुन्हा भेटतात. या वेळी ते शत्रू असतात. जंजिऱ्याचा शिद्दी, त्याचे आरमार, कोकणच्या किनाऱ्यावरील त्याचा जाच, त्याच्या समोर उभारलेला पद्मदुर्ग, संभाजीमहाराजांची जंजिऱ्यावरील मोहीम. हे प्रकरण लिहिताना लेखकाची भाषा तापलेली असते आणि ते स्वाभाविकही आहे. जंजिऱ्याच्या शिद्द्यांनी किनाऱ्यावरील गरीब गावांना जे भोगायला लावले ते खोटे नव्हते. माझा आक्षेप वेगळा आहे. पार्श्वभूमीतला ‘हबशी’ आणि शत्रुपक्षातला ‘शिद्दी’ हे एकाच बाजारात विकले गेलेल्या लोकांचे वंशज होत, याची जाणीव हे दोन्ही भाग वाचणाऱ्याला एकदाही करून दिली जात नाही. दोन शब्दांनी दोन कप्पे केले. एकात गुरू ठेवला, दुसऱ्यात वैरी. शेजारी ठेवायला तिसरा कप्पाच केला नाही.

आपली मूळ साधने तरी अशी कप्पेबंद आहेत काय? तशी ती नाहीत, आणि हाच या विषयातील सर्वांत कुतूहलाचा भाग आहे. कवींद्र परमानंदाचे ‘शिवभारत’ हे शिवछत्रपतींच्या आज्ञेने रचलेले संस्कृत काव्य. त्यात भातवडीच्या प्रसंगी मलिक अंबराचे शौर्य मोकळ्या मनाने वर्णिले आहे. अफझलखानाच्या भेटीस जाताना महाराजांनी बरोबर नेलेल्या निवडक दहा वीरांत सिद्दी इब्राहिमाचे नाव आहे. 1660 च्या पन्हाळ्याच्या वेढ्याची गोष्ट तर आपल्याकडे घरोघर सांगितली जाते : बाहेर सिद्दी जौहर, आत महाराज, मग ती पावसाळी रात्र, शिवा काशीद, बाजीप्रभू. त्याच वेढ्यावर बाहेरून चालून गेलेल्या मराठी फौजेत नेतोजी पालकराबरोबर सिद्दी हिलाल होता आणि त्याचा तरुण मुलगा वाहवाह होता. त्या चकमकीत मुलगा जखमी होऊन शत्रूच्या हाती सापडला. एक हबशी वेढा घालून बसला होता आणि दुसरा हबशी तो वेढा फोडण्यासाठी आपला मुलगा गमावीत होता. कथाकाराला याहून अधिक काय हवे? परंतु पन्हाळ्याची गोष्ट आपण जेव्हा जेव्हा सांगतो, त्या त्या वेळी जौहर येतो आणि हिलाल गळतो. नाट्यासाठी वैरी लागतो म्हणून जौहर राहिला, हे समजू शकते. जखमी मुलगा आणि त्याला मागे सोडून परतणारा बाप यांत नाट्य नाही, असे आपल्या लेखकांना का वाटले असावे?

कृष्णाजी अनंत सभासदाची बखर सतराव्या शतकाच्या अखेरीची. तिच्यात राजपुरीच्या शिद्दीला घरातल्या उंदराची उपमा दिली आहे. उपमा अपमानाचीच आहे, तीत शंका नाही. पण बखरकाराची भाषा पुढच्या अनेकांहून प्रामाणिक असते. उंदीर त्रास देतो, कुरतडतो, हाती लागत नाही. परंतु तो घरातलाच असतो. बाहेरच्या आक्रमकासाठी सभासदाजवळ दुसऱ्या उपमा नव्हत्या असे नाही. शिद्दीसाठी त्याला घराच्या आतील उपमा सुचली. त्या किनाऱ्यावर ‘हबसाण’ नावाचा मुलूखच होता आणि जंजिऱ्याचे संस्थान 1948 साली विलीन होईपर्यंत तेथील कोळी, कुणबी, आगरी रयत नबाबाच्या अमलाखाली नांदत होती. वैरसुद्धा शेजाऱ्याशीच करता येते. हे सभासदाला कळत होते. विसाव्या शतकातील ऐतिहासिक कादंबरीने शिद्दीला उचलून समुद्रापलीकडे नेऊन ठेवले.

याच्या उलट टोकाला बादशाह जहांगीर. आपल्या आत्मवृत्तात तो अंबराचे नाव बहुधा साधे लिहीतच नाही. त्याच्या काळेपणाचा, काळ्या नशिबाचा शेलका शब्द पुढे जोडल्याशिवाय त्याची लेखणी पुढे सरकत नाही. सुमारे 1616 साली अबुल हसन या त्याच्या चित्रकाराने एक चित्र काढले. त्यात बादशाह पृथ्वीच्या गोलावर उभा राहून भाल्यावर खोचलेल्या अंबराच्या मस्तकावर बाण सोडतो आहे. हे चित्र आज डब्लिनच्या संग्रहालयात आहे. प्रत्यक्षात अंबर दहा वर्षांनी, 1626 साली, वार्धक्याने वारला आणि खुल्दाबादला आपण आधीच बांधून ठेवलेल्या कबरीत विसावला. हरलेली लढाई रंगांत जिंकण्याचा हा प्रकार, आणि तरीही अंबराच्या मृत्यूनंतर जहांगिराच्याच दरबारी इतिहासकाराला, मुतमदखानाला, त्याच्या युद्धनैपुण्याची आणि कारभाराची तोंड भरून प्रशंसा करावी लागली. नावे ठेवणारा आणि नावाजणारा एकाच दरबारात. पण दोघांच्याही लेखनात अंबर हा विषय आहे. तो बोलत नाही.

येथे मला दुसरा एक माणूस आठवतो, जो आपल्या वाचकांच्या फार परिचयाचा आहे. फादर थॉमस स्टीफन्स 1579 साली गोव्यात उतरले. अंबर त्याच्या थोडेच आधी दख्खनेत आला. एक इंग्लंडचा, दुसरा इथिओपियाचा. एक आपल्या इच्छेने आला, दुसरा विकला जाऊन. 1616 साली रायतूरला ‘ख्रिस्तपुराण’ छापले गेले. त्याच सुमारास दख्खनेत अंबर मोगलांशी झुंजत होता आणि जहांगिराच्या दरबारात त्याचे मस्तक रंगविले जात होते. 1619 साली स्टीफन्स वारले, सात वर्षांनी अंबर वारला. आज मराठी वाङ्मयाच्या कोणत्याही इतिहासात फादर स्टीफन्स आपले आहेत. त्यांचे मूळ गाव कोणते, त्यांचा रंग कोणता, हे प्रश्न कोणी विचारीत नाही. मलिक अंबराने मराठी मुलखाची जमीन मोजली, शहर वसविले, डोंगरातून भूमिगत नळांनी पाणी आणणारी नहर बांधली. ती नहरे-अंबरी विसाव्या शतकापर्यंत त्या शहराला पाणी देत होती. तरी तो ‘हबशी वजीर’च राहिला. फरक कशाने पडला? स्टीफन्स यांनी ओवी दिली. अंबराने पाणी दिले. पाणी पिऊन झाल्यावर कोणी देणाऱ्याचे नाव घेत नाही. ओवी म्हणणाऱ्याला कवीची नाममुद्रा म्हणावीच लागते. मराठीचे नागरिकत्व जमिनीवर मिळत नाही, ते कागदावर मिळते, असा याचा अर्थ होतो, आणि तो मला अस्वस्थ करतो. कारण ज्यांना कधी कोणी लिहायला शिकविले नाही त्यांचे मग काय?

फादर स्टीफन्स यांचा गौरव करताना आपल्या ख्रिस्ती साहित्याने आणखी एक गोष्ट सोयीस्करपणे वगळली आहे. ज्या गोव्यात ‘ख्रिस्तपुराण’ रचले गेले त्याच गोव्याच्या मुख्य रस्त्यावर माणसांचा बाजार भरत होता. पिरार द लाव्हाल हा फ्रेंच प्रवासी 1608 ते 1610 या काळात तेथे होता. त्याने मोझांबिककडून आणलेल्या स्त्रीपुरुषांच्या विक्रीचे वर्णन केले आहे. पोर्तुगीज घरांत, शेतांवर आणि धर्मसंस्थांतही आफ्रिकी गुलाम राबत होते. त्यांचा बाप्तिस्मा होत असे, त्यांची नावे ठेवली जात असत, रविवारी ते मिस्साला उभे असत. सतराव्या शतकातील गोव्याचे आपले चित्र चर्चच्या शुभ्र दर्शनी भिंतीचे आहे. त्या भिंतीला चुना कोणी लावला हे त्यात नाही. आपल्या नियतकालिकांतून स्टीफन्स यांच्यावर जे अनेक लेख आजवर आले आहेत, त्यांत हा बाजार मला कोठे भेटला नाही.

त्या गुलामांपैकी अनेक पळाले. सह्याद्रीचे घाट चढून ते दाट जंगलांत शिरले. उत्तर कन्नड जिल्ह्यातील हल्याळ, यल्लापूर, अंकोला, मुंडगोड, तसेच बेळगावकडील खानापूर या तालुक्यांत आज जे सिद्दी राहतात, त्यांच्या पूर्वजांत हे पळालेले लोक होते असे मानले जाते. त्यांत हिंदू आहेत, मुसलमान आहेत आणि कॅथोलिक आहेत. कॅथोलिक सिद्दी मुख्यत्वे हल्याळच्या बाजूला. त्यांची आडनावे पोर्तुगीज वळणाची, त्यांची बोली कोकणीच्या अंगाची, तीत मराठी आणि कानडी मिसळलेली. म्हणजे आपल्याच वेदीपुढे गुडघे टेकणारे, आपल्या भाषेच्या सख्ख्या बहिणीत प्रार्थना करणारे आफ्रिकी वंशाचे लोक महाराष्ट्राच्या सीमेपासून फार दूर नाहीत. 2003 साली उत्तर कन्नडमधील सिद्दींचा अनुसूचित जमातींत समावेश झाला. 2020 साली शांताराम सिद्दी कर्नाटकाच्या विधान परिषदेवर नियुक्त झाले. हेग्गोडूच्या नीनासम नाट्यसंस्थेत शिकलेले प्रशांत सिद्दी कन्नड चित्रपटांत परिचित झाले. यांच्या नावांकडे लक्ष द्यावे. ‘सिद्दी’ हे आता आडनाव आहे. दुसऱ्याने ठेवलेले नाव त्यांनी स्वतः लावले आहे. मराठीत नाव ‘ठेवणे’ आणि नाव ‘लावणे’ ही दोन क्रियापदे वेगळी आहेत, हे बरे आहे.

हे सारे कन्नडच्या अंगणात घडते आहे. मराठीत काय घडावे, याचा विचार करताना मला तुर्कस्थानातील एका संगमरवर-कारागिराचे उदाहरण उपयोगी वाटते. त्या देशाशी मराठवाड्याचा काय संबंध, असे वाचक विचारतील. संबंध एका शब्दाचा आहे. निजामाच्या चाकरीत आलेल्या अरब शिपायांच्या वंशजांना मराठवाड्यात ‘चाऊस’ म्हणतात. चाऊस हा मूळचा तुर्की शब्द. ऑटोमन फौजेतील तो एक हुद्दा. आपण अरबांना तुर्की नावाने ओळखतो. आणि तुर्कस्थानात? तेथे आफ्रिकी वंशाच्या काळ्या माणसाला बोलीभाषेत ‘आरप’, म्हणजे अरब, म्हणतात. गुलाम म्हणून आफ्रिकेतून आणलेल्या लोकांचे हे वंशज इझमीर आणि एजियन समुद्राच्या आसपासच्या गावांत पिढ्यान्पिढ्या तुर्की बोलतात, तुर्कांसारखेच जेवतात, तुर्की सैन्यात नोकरी करतात, आणि तरीही रस्त्यावर त्यांना कोणी ना कोणी विचारतो की, तुम्ही मूळचे कुठले? आफ्रिकी गुलामांच्या व्यापाराला सुलतानाने 1857 साली बंदी केली, तरी चोरटा व्यापार पुढेही चालू राहिला.

मुस्तफा ओल्पाक हा तो कारागीर. 1953 साली जन्मला, 2016 साली वारला. आयवालिक या किनाऱ्यावरील गावात दगड घडविणे हा त्याचा धंदा. त्याच्या घराण्यातील माणसे केनियातून पकडून क्रीट बेटावर आणलेली आणि पुढे तुर्कस्थान व ग्रीस यांच्यात जी लोकसंख्येची अदलाबदल झाली तीत तुर्कस्थानात आलेली. 2005 साली त्याने आपल्या घराण्याची हकीकत प्रसिद्ध केली. तिच्या मथळ्यातच केनिया, क्रीट आणि इस्तंबूल ही तीन ठिकाणे आहेत. पुढच्या वर्षी त्याने आफ्रिकी वंशाच्या लोकांची संस्था स्थापन केली, आणि 2007 पासून ‘दाना बायरामी’ म्हणजे वासराचा सण, जो त्यांच्या आज्यापणज्या साजरा करीत आणि मधल्या काळात बंद पडला होता, तो पुन्हा सुरू केला. ‘अफ्रो-तुर्क’ हे नाव त्याच्यामुळेच रूढ झाले. ओल्पाक हा लेखक म्हणून मोठा नव्हे. त्याने ग्रंथालयात बसून आफ्रिकेचा इतिहास लिहिला नाही, आपल्या आजीची गोष्ट लिहिली. पहिल्या पिढीने सोसले, दुसरीने लपविले आणि तिसरी शोधू लागली, अशा अर्थाचे तो सांगत असे. दुसरी पिढी का लपविते, हे आपल्या मराठवाड्यातील ख्रिस्ती कुटुंबांना समजावून सांगण्याची गरज नाही. शाळेच्या दाखल्यावर काय लिहावे, गावात आडनाव विचारले तर काय सांगावे, ‘तुम्ही मूळचे कोण?’ या प्रश्नाला किती मागे जाऊन उत्तर द्यावे, याची बोलणी आपल्या घरांतही दबक्या आवाजात होतात.

तुर्कांच्या संदर्भात आणखी एक नाव आपल्या वाचकांना ठाऊक आहे. संत जोसेफिन बखिता. दारफूरची ही मुलगी पळविली गेली, अनेक हातांनी विकली गेली, आणि सुदानमधील एका तुर्की सेनाधिकाऱ्याच्या घरात तिच्या अंगावर सुरीने नक्षी कोरून त्या जखमांत मीठ भरले गेले. ‘बखिता’ म्हणजे भाग्यवान. हे नाव तिला पळविणाऱ्यांनी ठेवले. भीतीने ती आपले खरे नाव विसरून गेली आणि ते तिला पुन्हा कधीही आठवले नाही. 2000 साली ती संत म्हणून घोषित झाली, तीही त्याच ठेवलेल्या नावाने. आपल्याकडे तिची चरित्रे क्षमेच्या अंगाने लिहिली जातात आणि तिने क्षमा केली हे खरेच आहे. पण 1910 साली तिने आपली हकीकत आपल्या एका भगिनीला सांगून लिहवून घेतली, ही गोष्ट मला क्षमेइतकीच महत्त्वाची वाटते. चरित्रकार तिच्या सहनशीलतेवर पाने खर्च करतात आणि तिच्या निवेदनावर एक ओळ. चापूला अशी भगिनी मिळाली नाही.

मराठीत हा वाङ्मयप्रकार अनोळखी आहे काय? मुळीच नाही. गेल्या अर्धशतकात मराठीने जगाला दाखवावे असे जे काही निर्माण केले, त्यात दलित आणि भटक्या समाजांतील आत्मकथने अग्रभागी आहेत. 1980 च्या एका आत्मकथनाचे नावच ‘उपरा’ आहे. ज्या भाषेने ‘उपरा’ हा शब्द शिवीतून उचलून पुस्तकाच्या मुखपृष्ठावर नेला, त्या भाषेला ‘हबशी’ आणि ‘शिद्दी’ हे शब्द अवघड जाऊ नयेत. आमच्या जिल्ह्यात तर नामदेवांचे नर्सी आहे आणि औंढ्याचे नागनाथाचे देऊळ आहे. कीर्तनाला मागे हाकललेल्या नामदेवांकडे देवळानेच तोंड फिरविले, ही कथा येथे लहान मुलालाही येते. मागच्या बाजूला उभ्या असलेल्या माणसाची गोष्ट सांगायची रीत मराठीला चांगली ठाऊक आहे. आजवर तिने ती रीत या लोकांपुरती वापरली नाही, एवढेच माझे म्हणणे.

यावर एक उत्तर असे मिळते की, मलिक अंबरावर एक भव्य ऐतिहासिक कादंबरी लिहिली जावी. मला त्यात फारसा राम वाटत नाही. आणखी एक घोड्यावरचा पुरुष, आणखी एक ‘कर्तबगार’, फार तर या वेळी रंग वेगळा. त्याने हल्याळच्या रानातील बाईच्या आयुष्यात काय पडणार? तिच्याकडे सांगण्यासारखे आहे ते वेगळेच. या बाया जुन्या लुगड्यांचे, मुलांच्या फाटक्या कपड्यांचे तुकडे एकावर एक ठेवून गोधड्या शिवतात. त्यांना ‘कवांदी’ म्हणतात. आपल्या वाकळीची ती बहीण, पण शिवण्याची चाल निराळी. कडेपासून सुरुवात करून टाके घालीत घालीत मध्याकडे यायचे. कॅथोलिक बाईच्या कवांदीवर क्रूस दिसतो, मुसलमान बाईच्या कवांदीवर कधी चंद्रकोर. चारही कोपऱ्यांना कापडाच्या दुमडलेल्या त्रिकोणांची ‘फुलं’ लावावी लागतात. फुलांवाचून कवांदी उघडी दिसते, असे तिकडे मानतात. हे वर्णन मी एका परदेशी कला-अभ्यासकाच्या संशोधनाच्या आधारे करतो आहे, आणि येथेच मराठी समीक्षकाचे म्हणून माझे गाऱ्हाणे आहे : खानापूरपर्यंत मराठी बोलली जाते, तरी त्या फुलाची माहिती आपल्याला समुद्रापलीकडून यावी लागते.

जो कोणी मराठीत या लोकांविषयी लिहील त्याने किल्ल्यापासून आरंभ न करता येथून करावा. किंवा खरे तर त्याने लिहूच नये, लिहून घ्यावे. हल्याळच्या बाजूच्या धर्मग्रामांत मराठी-कोकणी जाणणारे धर्मगुरू, भगिनी आणि धर्मशिक्षक आहेत. त्यांच्या हाती वही आहे, आणि ज्यांना सांगायचे आहे त्या आज्या अजून हयात आहेत. बोली आहे तशी उतरावी. प्रमाण मराठीत तिची इस्त्री करू नये, आणि नावे विचारताना आधी विचारावे की, हे नाव कोणी ठेवले.